टच गेलाय

८ डिसेंबर, रविवार

पतपेढीने दिलेली डायरी वर्षभर कपाटात पडून होती. शेवटचे तीन आठवडे उरलेत, तर तेवढी तरी पानं वापरावीत. शिवाय आज जे झालं ते कुणाला सांगण्यासारखं नाही, आणि ज्याला सांगावं असा कुणी शहाणा माझ्या ओळखीत नाही.

मंडळाच्या खोलीत तालमीला रघुवीर बुवाने अर्ध्या अभंगात हात वर करून भजन थांबवलं आणि मला म्हणाला, "कुशाबा, लय सरकता हा." पंधरा माणसांसमोर. एकेचाळीस वर्षं मी ह्या मंडळात पखवाज वाजवतोय. मी आलो तेव्हा हा रघुवीर मागे बसून झांज वाजवायचा, तीही अर्धा वेळ चुकीची. बुवा झाला तो माझ्या ठेक्यावर उभा राहून. मी म्हटलं, तुझी जीभ सरकते, माझी लय नाही. कुणी हसलं नाही. आमच्या मंडळात विनोद कळणारे सगळे वर गेले.

मग त्याने खिशातून मोबाईल काढला. त्यात म्हणे तालाचं ॲप असतं. सांगाल त्या लयीत तासभर भजनी ठेका वाजवतं, दमत नाही, चहा मागत नाही. सगळ्यांनी आपापल्या फोनमध्ये टाकून घ्या आणि त्याच्यासोबत घरी सराव करा, असं फर्मान निघालं. 'सगळ्यांनी' म्हणताना बघत मात्र माझ्याकडेच होता.

कारण २६ जानेवारीला चाळीच्या सत्यनारायणाला डबलबारी आहे. दोन बुवा आपापली मंडळी घेऊन आमनेसामने बसणार, एकाने गायचं, दुसऱ्याने उत्तर द्यायचं, मधूनमधून एकमेकांची खेचायची. समोर वेंगुर्ल्याकडचे बुवा आहेत. तोंडाने तिखट, गळ्याने बेताचे. गेल्या वर्षी त्यांना आम्ही गजरात पार लोळवलं होतं. गजर म्हणजे शेवटी लय चढत चढत जाते तो भाग. तिथे बुवा नुसता ओरडतो, खरं काम पखवाजाचं असतं.

पखवाजाच्या धुमेला, म्हणजे डाव्या तोंडाला, कणीक लावण्यात माझा जन्म गेला आणि आता मला ह्या मोबाईलच्या डबीबरोबर वाजवून पास व्हायचंय. होतो. डबीचीच लय सरकते हे दाखवून देतो.

सुमेधाने बसल्या जागी ॲप टाकलंसुद्धा. ही दादरच्या बँकेत ऑफिसर आहे, क्लासला जाऊन पखवाज शिकलीय, वहीत बोल लिहून. आमच्यात झांज वाजवते. वहीतून पखवाज शिकणं म्हणजे गादीवर पोहायला शिकणं.

१० डिसेंबर, मंगळवार

माझा फोन म्हणजे विनीतचा जुना. मुलगा बोटीवर नोकरीला लागला, नवा फोन घेऊन गेला आणि जुना बापाच्या गळ्यात घालून गेला. दहा वर्षं झाली त्या यंत्राला. मागचं झाकण रबरबँडने धरलंय.

ॲप शोधलं. उत्तर आलं, "हे ॲप तुमच्या डिव्हाइसशी सुसंगत नाही." सुसंगत! आमच्या गावच्या गुरुजींना हा शब्द येत नव्हता. फोनला शब्द येतात, काम येत नाही.

दुसरं एक ॲप सापडलं. ते सुसंगत होतं, पण जागा नव्हती. जागा कशाने भरली म्हणून बघितलं, तर मंडळाच्या ग्रुपवरच्या गुलाबांनी. सुप्रभातचे चारशे अकरा गुलाब. पाठवणारे सगळे सकाळी सहाला सुप्रभात म्हणतात आणि तालमीला अर्धा तास उशिरा येतात. पुसता पुसता दुपार गेली. बोट ठेवावं एका गुलाबावर, तर खूण पडते तिसऱ्यावर. कधी एकदा टेकवलं तर दोनदा लागतं. टच गेलाय ह्याचा. मध्येच कुठल्याशा जाहिरातीवर बोट पडलं आणि राशिभविष्य आपोआप येऊन बसलं. त्याला बरी जागा मिळाली.

अंबिका विचारत होती, काय चाललंय. बायकोला समजावण्यात अर्थ नाही, ती अजून मिस कॉलला उत्तर म्हणून मिस कॉल देते. आज तिने बांगड्याचं तिखलं केलं होतं, त्याला वासच नव्हता. बर्फातला माल. तसं म्हटलं तर म्हणाली, सकाळी भाऊच्या धक्क्यावरून आणलेत, वासाने शेजारीण विचारायला आली होती. शेजारणीला नाक खुपसायला निमित्तच लागतं.

१४ डिसेंबर, शनिवार

परळच्या पुलाखाली हितेंद्रचा मोबाईल दुरुस्तीचा खोका आहे. त्याने फोन बघितला आणि तोंड असं केलं जसं मी त्याच्यापुढे मेलेला उंदीर ठेवला. म्हणाला, काका, नवा घ्या. मी म्हटलं, सल्ला फुकट मिळतो तो घरी आहे, तू काम कर. शेवटी त्याने त्याच ॲपची सहा वर्षांपूर्वीची आवृत्ती कुठून तरी काढून भरली. जुन्या फोनला जुनं ॲप. एवढी साधी गोष्ट त्या सुसंगतवाल्याला सुचली नाही.

घरी येऊन पाण्याच्या टाकीच्या कट्ट्यावर फोन ठेवला, पखवाज पुढ्यात घेतला, ठेका लावला. आवाज पत्र्याच्या डब्यात वाटाणे हलवल्यासारखा. त्यात 'धा' कुठे आणि 'ता' कुठे, ओळखणाऱ्याला बक्षीस. तरी मोठ्या मनाने साथ केली. चौथ्या आवर्तनाला ते पुढे पळालं. बंद करून पुन्हा लावलं, पुन्हा पळालं. सात वेळा. जुना फोन तापतो आणि तापला की पळतो, दुसरं काही नाही.

१७ डिसेंबर, मंगळवार

रघुवीरला सांगितलं, तुझं ॲप पळतं. त्याने स्वतःच्या फोनवर लावून दाखवलं. तेही पळालं. नवा फोन, चाळीस हजारांचा, तोही पळतो. मी विजयाने त्याच्याकडे बघितलं. तो माझ्या खांद्यावर हात ठेवून चहा आणायला गेला. हरलेल्या माणसाला चहा सुचतो.

मात्र सुमेधा जिन्यात म्हणाली, काका, थोडा वेळ मी वाजवू का, तुमच्या हाताला आराम. आराम! माझ्या हाताला काय बाळंतपण झालंय?

२० डिसेंबर, शुक्रवार

आमची सून श्रेया परळच्याच एका हॉस्पिटलात फिजिओथेरपी करते. म्हणजे लोकांचे हातपाय वरखाली करते आणि त्याचा पगार घेते. आज कामावरून आली आणि म्हणाली, बाबा, तुमच्या फोनमध्ये एक गेम टाकते. मी म्हटलं, जागा नाही. तिने राशिभविष्य काढून टाकलं. ते मी कधीपासून काढायला बघत होतो, पण त्या बारीक फुलीवर बोट लागेल तर शपथ.

खेळ असा: पडद्यावर दोन फुगे. एकाच बोटाने आलटून पालटून टिचक्या मारायच्या, तीस सेकंद. आधी डावा हात, मग उजवा. शेवटी आकडा येतो. बालवाडीतल्या पोरांनाही लाज वाटेल. पण ती म्हणाली, "बाबा, रोज फक्त दोन मिनिटं. माझ्यासाठी." पगारदार सुनेचं मन मोडवत नाही. खेळलो. डावा ८८, उजवा ६१.

ज्या उजव्या हाताने मी लालबागच्या अर्ध्या गणपतींना जागं केलं, तो ६१ आणि ताट धरण्यापुरता डावा ८८. ह्यावरून त्या खेळाची लायकी कळते.

श्रेया हल्ली मला सारखं विचारते, बाबा, रागावलात का. चेहऱ्यावर काही दिसतच नाही म्हणते. हसण्यासारखं काही घडलं तर हसेन.

२९ डिसेंबर, रविवार

डावा ९०, उजवा ५८. काल ५९, परवा ६०. रोज खेळतो, ते जिंकायला म्हणून नव्हे, फोनची लबाडी पकडायला.

आज हितेंद्रला म्हटलं, टच बदल, होईल तो खर्च घे. त्याने कसलासा नंबर दाबला आणि पडदा पांढरा झाला. त्यावर त्याने बोटाने एक रेघ ओढली. सरळ. म्हणाला, आता तुम्ही ओढा. माझी रेघ पावसातल्या गांडुळासारखी गेली. पुन्हा ओढायला लावली, पुन्हा गांडूळ. मग म्हणाला, डाव्या हाताने. डाव्याने सरळ आली.

तो फोनकडे बघायचं सोडून माझ्या हाताकडे बघत बसला. मग फोन पुसला, रबरबँड नीट लावलं आणि माझ्या हातात दिला. "काका, टच एकदम ओके आहे. पुढच्या वेळी घरच्या कोणाला तरी सोबत घेऊन या."

खर्च दिला तो घेतला नाही. गिऱ्हाईक चालून आलंय आणि हा घरच्यांना बोलावतोय. असल्या माणसाचा धंदा कसा चालणार?

पण येताना उलगडा झाला. पखवाजाने माझ्या उजव्या बोटांना घट्टे पडलेत, कातडी जाड झालीय. हे फोन काचेवरून कातडी ओळखतात. पेढीवर बसणाऱ्यांच्या मऊ बोटांसाठी केलेलं यंत्र, त्याला कामकऱ्याचा हात कळत नाही. आता रोज खोबरेल चोळणार.

१ जानेवारी, बुधवार

पतपेढीची नवी डायरी आली. कागद पातळ केलाय. पेनही दिलंय, ते मात्र अगदीच टाकाऊ. पूर्वी माझ्या एका पानात चौदा ओळी मावायच्या, आता बावीस मावतात, अक्षर आपोआप बारीक होत जातं. अंबिका म्हणाली, मुंग्या चालल्यासारखं दिसतं. तिला काय वाचायचंय!

खोबरेलाचा चौथा दिवस म्हणायला हवा होता, पण मध्ये बाटली संपली. उजवा ५७.

५ जानेवारी, रविवार

घरात माझ्यावर पाळत आहे.

श्रेयाच्या पर्समधून कात्री काढायला गेलो, तर छोटी वही निघाली. पहिल्या पानावर माझं नाव, खाली तारखा आणि दोन रकाने, उजवा, डावा. ६१, ६०, ६०, ५९. सगळे माझे आकडे. फुग्यांचा खेळ म्हणून दिला आणि पोरगी परीक्षा घेत बसली.

वही तिच्यापुढे आपटली. ती घाबरली नाही. खाली बसली, माझा उजवा हात आपल्या हातात घेतला. तो मांडीवर ठेवलेला असताना हलत होता. आजकाल हलतो, तालात राहायची सवय आहे त्याला. ती म्हणाली, "बाबा, हे घट्टे नाहीत. एकदा आमच्या डॉक्टरांना हात दाखवू या."

"हात ज्योतिषाला दाखवतात."

अंबिका ओट्यापाशी उभी होती, पदराने डोळे पुसत होती. म्हणजे हिलाही ठाऊक होतं. दोघींचा कट. मग माझ्या लक्षात आलं, दोन महिने माझ्या शर्टाची बटणं अंबिकाच लावतेय आणि मी समजत होतो की म्हातारपणी बाई प्रेमात आली.

खूप ओरडलो. श्रेया म्हणते, ओरडत नव्हतात बाबा, अगदी हळू बोलत होतात. शेवटी तह झाला. २६ तारखेची बारी मी वाजवणार. त्यानंतर ती नेईल तिथे येईन. तोवर मंडळात एक अक्षर बोलायचं नाही. ती म्हणाली, "मी कुणाला काही सांगणार नाही. पण बाबा, ती माणसं तुमच्याबरोबर गातात."

ह्याचा अर्थ काय, तिलाच ठाऊक.

एक मात्र लिहून ठेवतो, कारण हे कुणी वाचणार नाही. त्या एका तारखेला मला तिथून उठवलं तर पुढे मी कोण, हे मला सांगता येणार नाही. गिरणी गेली तेव्हा पखवाज होता. बँकेत शिपाई म्हणून साहेबांचे पाण्याचे पेले भरले तेव्हा संध्याकाळी पखवाज होता. पखवाज गेला की उरतो तो फोनवर फुगे फोडणारा म्हातारा.

१२ जानेवारी, रविवार

तालमीनंतर रघुवीरला बाजूला घेतलं आणि सरळ विचारलं, २६ ला पखवाजावर कोण? तो झांजांच्या दोऱ्या गुंडाळत होता. वर न बघता म्हणाला, "तू असताना दुसरो कोण बसतलो?"

म्हणजे अक्कल ठिकाणावर आली. ॲपचं नाव त्याने आज काढलंच नाही. मीही माझ्या फोनमधून ते काढून टाकलं. म्हणजे काढायला गेलो आणि दुसरंच काहीतरी उडालं, बहुधा कॅल्क्युलेटर. जाऊ दे, हिशेब करण्यासारखं काही उरलेलं नाही.

१९ जानेवारी, रविवार

शेवटची तालीम. अशी तालीम वर्षात झाली नव्हती. एकदाही थांबलो नाही. रघुवीर, कोरस, झांजा, सुमेधासकट सगळे माझ्या ठेक्याला जणू फेविकॉलने चिकटले होते. मी उजवीकडे वळलो की सगळे उजवीकडे. डबी नसली की माणसं माणसांसारखी गातात, हे मी पहिल्या दिवसापासून सांगत होतो. गजर जरा संथ वाटला, पण रघुवीर म्हणाला, भक्तिभाव येता. भक्तिभाव ह्याला साठाव्या वर्षी सुचला.

श्रेयाला मुद्दाम ऐकवलं. ती म्हणाली, छान झालं बाबा. आज फुगे खेळायला तिने सांगितलं नाही.

२७ जानेवारी, सोमवार

आज हॉस्पिटलात जायचंय, श्रेया अकरा वाजता निघू म्हणाली. त्याआधी कालचं लिहून टाकतो.

पूजा आटोपून चारला बारी सुरू झाली. पटांगण भरलेलं, गॅलऱ्यांतूनही माणसं. वेंगुर्ल्याच्या बुवांनी पहिला मान घेतला, गळा बेताचाच, पण त्यांचा पखवाजवाला विशीतला, हात यंत्रासारखा. मी त्याच्याकडे बघितलं नाही. मग आमची पाळी. रूपाचा अभंग, त्यानंतर गवळण. बरोबर चाललंय असं मला वाटत होतं. खरंच वाटत होतं, हे लिहून ठेवायला हवं.

गवळण संपली तसा समोरच्या बुवांनी माईक घेतला. "बुवानू, तुमची गाडी आज घाट चढता काय? अशीच चल्लास तर देव पावाच्या आदी परसाद संपतलो." पटांगण खदखदून हसलं.

डबलबारीत खेचायची रीतच आहे, आणि उत्तर द्यायला आमच्या रघुवीरसारखा दुसरा कुणी नाही. एकदा त्याने समोरच्याला असं काही सुनावलं होतं की तो माणूस दोन वर्षं ह्या बाजूला फिरकला नाही. मी वाट बघत होतो. रघुवीरने माईक तोंडाजवळ नेला आणि म्हणाला, "खरा हा बुवा. माझोच दम पुरणा नाय. वय झाला."

खोटं. धादांत खोटं. हा माणूस चार मजले बोलत बोलत चढतो. त्याच्याइतका दम ह्या अख्ख्या चाळीत कुणाला नाही, हे मी त्याच्या शेजारी बसून तीस वर्षं ऐकतोय. आणि भर पटांगणात, हसणाऱ्या लोकांसमोर, त्याने म्हातारपण आपल्या अंगावर घेतलं.

तेव्हा मी मान वर करून आमच्या माणसांकडे बघितलं. कोरसवाले, झांजवाले, सुमेधा, सगळ्यांचे डोळे माझ्या उजव्या हातावर होते. पोर पहिल्यांदा चालायला लागलं की घरचे जसे त्याच्या पायांकडे बघतात, तसे. हात कुठे पडतो ते बघून ते आपली झांज मारत होते. म्हणून त्या दिवशीची तालीम तशी झाली. ती माणसं मला चिकटली नव्हती, मी जिथे जिथे पडत होतो तिथे येऊन मला उचलत होती. पंधरा शहाणी माणसं सगळं ऐकत होती, आणि एक गाढव डायरीत लिहीत होतं की ॲप पळतं, फोन पळतो, जग पळतं.

पुढची पाळी गजराची होती. ह्या गजरासाठी लोक चार वाजल्यापासून बसलेले असतात. रघुवीरने माझ्याकडे बघितलं आणि डोळ्यांनीच खूण केली, सावकाश, तुझ्या लयीत. ही बारी तो हरणार होता. जाणूनबुजून, माझ्यासाठी, आणि नंतर मला कधी बोलूनही दाखवणार नव्हता. एवढा कमीपणा मला आजवर कुणी दिला नव्हता, आणि एवढा मोठेपणाही.

मी पखवाज मांडीवरून उचलला आणि सुमेधाच्या पुढ्यात ठेवला. ती म्हणाली, "काका, नको ना." मी तिच्या हातातली झांज काढून घेतली. ती माझ्या हातात आपोआपच किणकिणायला लागली, म्हणून खाली ठेवून दिली. मग रघुवीरला म्हटलं, "बुवा, आता तुझ्या लयीत गा."

एकेचाळीस वर्षांत ह्या माणसाचे डोळे मी भजनाशिवाय भरलेले बघितले नव्हते. म्हटलं, रडायला पैसे देत नाहीत, गा.

त्याने गजर घेतला. पहिल्या दोन फेऱ्या धिम्या, मग चढवत नेला, आणि किती महिने दाबून धरलेला आवाज होता तो, ते तेव्हा कळलं. सुमेधाने वहीतलंच वाजवलं. वहीतलं बरोबर होतं. समोरचा विशीतला पोरगा आ वासून बघत होता. मी जवळ बसून हिशेब करत होतो, ही जागा मला निभली असती का, ती निभली असती का. एकही निभली नसती.

गजर थांबला तशा टाळ्या पडल्या, गॅलऱ्यांतूनसुद्धा. मीही वाजवल्या. उजवा हात उशिरा येत होता, म्हणून डाव्याला थोडं थांबवून घेतलं.